मराखास उलटा वाचला तर

माझ्या नावावर आज अकरा कादंबऱ्या आहेत. त्यांत राजे आहेत, चेटकिणी आहेत, रुसणारे डोंगर आहेत आणि अलीकडच्या तीन भागांत तर आकाशातून उतरलेली गलबतंही आहेत. कुठंही गेलो की वाचक विचारतात, "सर, ही नावं तुम्हाला सुचतात कशी?" मी हसून वेळ मारून नेतो. खरं सांगायचं तर त्यांतलं एकही नाव मला सुचलेलं नाही.

संपादक फोनवर म्हणाले होते, "लेखनातले अनुभव लिहा, जरा हलकंफुलकं असू द्या." हलकंफुलकं बरंच आहे. पण मधली एक गोष्ट वगळून बाकीचं लिहायला बसलो की पेन अडतं, हे मी आठवडाभर अनुभवलं. तेव्हा तीही लिहितो. मी मुळात कमी बोलणारा माणूस. सत्तावीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला, तर मुलं म्हणायची, सरांच्या तासाला नकाशाच जास्त बोलतो.

अद्भुत कादंबरी लिहिणं हे काम काय असतं, ते आधी सांगतो. आमचे एक मुख्याध्यापक मला नेहमी विचारायचे, "खोटंच लिहायचं तर एवढा वेळ का लागतो हो?" उत्तर असं की, खऱ्या गावावर लिहिताना चूक झाली तर गाव तिथंच असतं, ते सांभाळून घेतं. आमचं गाव फक्त कागदावर. तिथं नदी चुकून चढाला वाहिली तर सगळंच कोसळतं. म्हणून आधी नकाशा. मग नियमांची वही. जादूला काय जमतं यापेक्षा काय जमत नाही, हे त्या वहीत लिहावं लागतं. माझ्या सातजळ देशात एकाखाली एक अशी सात तळी आहेत, प्रत्येक तळ्याला एक दार आणि दारावर एक राखणदार. तिथं कुठल्याही मंत्रानं पाणी वर चढत नाही. एवढा एक नियम मी अकरा पुस्तकांत मोडलेला नाही.

राहिली नावं. संस्कृत नावं घेतली की पुराण वाटतं, इंग्रजी वळणाची घेतली की उसनं वाटतं. मी तेवीस वर्षांचा असताना आमच्या फाट्यावर मारुतीच्या सायकल दुकानात पंक्चर काढायला थांबलो होतो. त्याच्या काचेच्या दारावर लाल रंगात त्याचं नाव रंगवलेलं. मी आत बसलेलो, त्यामुळं ते मागून वाचलं. तीरुमा! माझ्या राणीला नाव मिळालं. तिथून तो नादच लागला. सदाशिव किराणावाला झाला वशिदास, सातजळचा वयोवृद्ध ज्योतिषी. पिठाच्या गिरणीवाल्या नामदेवाचा झाला वदेमना नावाचा बर्फाळ घाट. हे गुपित मी बायकोलाही सांगितलं नव्हतं.

त्याचे परिणाम भोगावे लागले. एकदा जुन्नरकडचं एक जोडपं ओझरच्या गणपतीला जाऊन येताना मुद्दाम वाट वाकडी करून घरी आलं. मांडीवर पाच महिन्यांची मुलगी. वडील म्हणाले, "सर, हिचं नाव तीरुमा ठेवलंय. तुमच्या राणीवरनं. अर्थ तेवढा सांगा, आजी विचारत्यात." त्या मुलीच्या चेहऱ्याकडं बघून 'पंक्चरवाला' असं सांगायला जीभ रेटेना. मी म्हणालो, "नदीच्या तीरावरची माता." बाप इतका खूश झाला की पेढ्यांचा दुसरा पुडाही ठेवून गेला. पुढं त्या पोरीनं शाळेत 'माझे नाव' या विषयावर निबंध लिहिला आणि बक्षीसही मिळवलं. एवढ्याशा खोट्यानं मला बरेच दिवस टोचलं. मोठ्या खोट्याचं काय होत असेल, ते आता लिहितो.

आमचं गाव महाळुंगे पडवळच्या पलीकडं, ओढ्याच्या काठी. गावाचं नाव लिहीत नाही. ओढ्यावर बंधारा आहे. बांधकामात गाळे सोडलेले असतात आणि पावसाळा सरला की त्या गाळ्यांत लोखंडी फळ्या एकावर एक बसवून पाणी अडवतात. या फळ्यांना आमच्याकडं ढापे म्हणतात. त्या काळी बंधाऱ्यावर सखाराम नावाचा माणूस होता. सगळे त्यांना सखानाना म्हणत. डावा पाय जरा ओढत चालायचे. पाणी किती आलं, कधी सोडायचं, कुणाच्या वावरात किती गेलं, सगळं त्यांच्या डोक्यात.

मी तेव्हा पदवी घेऊन घरी बसलेला. वडील पाणी कमिटीचे पंच, शब्दाचे कडक. माझ्या वह्या म्हणजे त्यांच्या डोळ्यांतलं कुसळ. एक वही त्यांनी माझ्यादेखत चुलीत घातली होती. म्हणून मी दुपारी वह्या घेऊन बंधाऱ्यावर जायचो. सखानानांनी आपल्या पत्र्याच्या खोलीत मला कोपरा दिला. त्यांना लिहिता-वाचता बेताचंच येत होतं, पण ऐकायचे कान देऊन. मी लिहिलेलं पान वाचून दाखवायचो आणि ते मध्येच हात वर करायचे.

"थांब. ही राणी सकाळधरनं घोड्यावर हाय. जेवली कवा?"

"नाना, युद्ध चाललंय."

"युद्ध आसूंदे की. भाकरी बांधून दे तिच्यासंगं."

मी भाकरी बांधून दिली. पुढं एका समीक्षकांनी लिहिलं की या लेखकाच्या राण्यांना भूक लागते, हे याचं वेगळेपण आहे. ते वेगळेपण सखानानांचं.

सातजळातली तळी, दारं, राखणदार, हे सगळं त्या पत्र्याच्या खोलीतून आलेलं आहे. माझं निम्मं आयुष्य ज्या पुस्तकांवर चाललं, त्यांचा पहिला वाचक न वाचणारा होता. हे ऋण आधी लिहून ठेवतो, म्हणजे पुढचं वाचताना विसर पडायला नको.

कार्तिकातली दुपार होती. ढापे टाकून झाले होते, बंधारा तुडुंब. सखानानांच्या मुलीची, नंदाची, त्या दिवशी खालच्या गावात सुपारी फुटायची होती. नाना म्हणाले, "चार तासांचा परश्न हाय. वर डोंगरात पाऊस झालाय म्हनत्यात. हितं बसून लिही, पन नजर ठेव. त्यो लाल पट्टा दिसतोय? पानी त्याला लागलं की आळीला हाक मार. दोघं-तिघं येतील, वरचे ढापे काढतील. तुला काय उचलायचं न्हाई. नुस्ती हाक मारायची."

नुसती हाक मारायची होती.

आमच्याकडं कडक ऊन होतं. आवाज नाही, वारा नाही. मी राणी तीरुमाला वदेमना घाटातून उतरवत होतो आणि ते पान असं काही जमत होतं की मान वर केली नाही. मान वर केली तेव्हा लाल पट्टा दिसतच नव्हता. पाणी बंधाऱ्याच्या डाव्या कडेनं मातीचा भराव कातरत होतं. मी आळीकडं हाक मारायला वळलो, पण वेळ निघून गेली होती. बघता बघता भराव सुटला आणि अख्खं साठलेलं पाणी ओढ्यानं खाली गेलं. माणूस-जनावर कुणी दगावलं नाही. तिघांची कांद्याची रोपं गेली, एकाची मोटरची खोली गेली आणि त्या उन्हाळ्यात गावाला टँकरच्या पाण्यावर राहावं लागलं.

खालच्या गावाच्या वेशीवर ओढा अचानक चढलेला बघून सखानाना सुपारीला न पोचताच मागं पळत सुटले असणार. ते पोचले तेव्हा मी वह्या छातीशी धरून उभा होतो. अजून कुणी आलं नव्हतं. त्यांनी बंधाऱ्याकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, आणि म्हणाले, "वह्या घरी ठीव आधी. जा. हितं नको थांबू."

मी गेलो. हे वाक्य लिहायला मला तिसेक वर्षं लागली. मी गेलो.

संध्याकाळी पारावर गाव जमलं. वडील मधोमध बसलेले. सखानाना उभे राहून म्हणाले, "डोळा लागला माझा." त्यांनी एवढंच सांगितलं. कुणीतरी विचारलं, "भर दुपारी?" दुसरा म्हणाला, "अन् आज नेमकी लेकीची सुपारी खालच्या गावात!" मग तिसऱ्यानं ते जोडून टाकलं. "लेकीच्या सासरला पानी सोडलं म्हना की!"

माझ्या वडिलांनी त्यांना बंधाऱ्यावरून काढलं. मी त्याच पारावर, वडिलांच्या मागं उभा होतो.

नंदाचं लग्न मोडलं नाही, पण तिला नाव पडलं, 'पाण्यावर दिलेली', म्हणजे पाण्याच्या मोबदल्यात सासर मिळालेली. सखानानांच्या बायको दुसऱ्या वर्षी गेल्या आणि ते घराला कुलूप लावून लेकीकडं राहायला गेले. आमच्याकडं बापानं लेकीच्या दारात राहणं म्हणजे काय, हे सांगायला नको. गावाला ती कबुलीच वाटली.

मग मी पहिली कादंबरी पूर्ण केली. तिला एक फितूर हवा होता. सगळ्यांत वरच्या तळ्याचं दार उघडून आपल्याच माणसांना बुडवणारा राखणदार. गावानं एक फितूर तयार करून ठेवलेलाच होता. मी सखाराम हे नाव मागून वाचलं. मराखास. कसला दणदणीत निघाला!

हे मी का केलं, याचा मी पुष्कळ विचार केलेला आहे. त्यांच्यावर राग नव्हता. उलट त्यांचं नाव मनातून हलत नव्हतं. पण एकदा मराखास पानावर चालू लागला, डावा पाय ओढत, तसं मला हलकं वाटायला लागलं. तो जितका काळा होत गेला तितका मी त्या पत्र्याच्या खोलीतून बाहेर पडत गेलो. आणि सांगायला लाज वाटते, पण तिसऱ्या खर्ड्यापर्यंत मलाच वाटायला लागलं की कोण जाणे, नाना खरंच खाली पाणी जावं म्हणून तर मुद्दाम गेले नसतील? कल्पना करणाऱ्याची ही सवय वाईट. आपण रचलेल्यावर पहिला विश्वास आपलाच बसतो.

पुस्तक चाललं. पुढचे भाग आले. मी नोकरी सांभाळून लिहीत राहिलो आणि लोकांनी मला भरभरून दिलं, हे खोटं कसं म्हणू? ग्रंथालयवाले माझी पुस्तकं बालविभागात ठेवायची की मोठ्यांच्या, यावर भांडायचे. एक आजोबा दर भागानंतर पत्रानं चुका कळवायचे. 'चौथ्या भागात या राजास तीन मुली होत्या, सहाव्यात दोनच आढळतात, तिसरीचे काय झाले, चिंता वाटते.' मी सातव्या भागात तिसरीला सुखरूप परत आणलं. खोडदच्या रेडिओ दुर्बिणीच्या त्या अवाढव्य तबकड्या मी त्या उभारल्या तेव्हापासून बघत आलो. त्या आभाळाकडं कान लावून बसतात असं कुणीतरी सांगितलेलं, त्यातून नववा भाग सुचला. सातजळ हा देश मुळी या पृथ्वीवर नाहीच, आपलेच लोक फार पूर्वी तिथं जाऊन राहिले, असं त्यात निघतं. चेटकिणींच्या वाचकांना विज्ञान पचेल का, अशी धाकधूक होती. पचलं.

आणि मराखास? तो सगळ्यांत लाडका. मुलं त्याच्या नावाचे टी-शर्ट घालायची. 'मराखास आला' ही एकमेकांना घालायची शिवी झाली.

दोन वर्षांपूर्वी अवसरीच्या इंजिनिअरिंग कॉलेजातल्या मुलांनी गप्पांना बोलावलं. हॉल भरलेला. शेवटी एक मुलगी उभी राहिली. बारीक चण, आवाज स्वच्छ.

"सर, तीरुमा उलटं वाचलं की मारुती होतं. वशिदासचं सदाशिव. आम्ही हॉस्टेलवर यादीच केलीय."

सगळे हसले, टाळ्या वाजल्या. मीही हसलो.

"मग मराखास उलटं वाचलं तर काय होतं, सर?"

मागून पाच-पन्नास पोरं एका सुरात ओरडली, "सखाराम!"

"हे सखाराम कोण?" तिनं विचारलं.

मी माईक हातात धरून म्हणालो, "कुणी नाही. योगायोग."

ती खाली बसली. नंतर सह्या घ्यायला रांग लागली, त्यात ती नव्हती. कुणीतरी सांगितलं, तिचं नाव वैष्णवी, खालच्याच गावची. नंदाची धाकटी.

बातमी आमच्या गावात पोचायला दोन दिवस पुरले. जो तो आपलं नाव उलटं करून पुस्तकात शोधायला लागला. सलूनवाला बबन सातजळातल्या ओझं वाहणाऱ्या केसाळ प्राण्यात सापडला, नबब. तो मला भर रस्त्यात म्हणाला, "राव, एवढी वर्षं तुमची दाढी केली अन् मला गाढव केलं? घोडा तरी करायचा!" सरपंच रुसले, कारण त्यांचं नाव कुठंच नव्हतं. हसण्यावारी चाललेलं हे सगळं मराखासापाशी आलं आणि वेगळं झालं. जुनी माणसं म्हणायला लागली, "बघा, मास्तरनंच लिवून ठेवलंय. वडील पंच व्हते त्याचे. ठावं असल्याबिगर लिवंल का?" इतकी वर्षं ती नुसती कुजबुज होती. तिला माझ्या पुस्तकाचा दाखला मिळाला.

चैत्रातल्या जत्रेला नंदा दरवर्षी यायची, बंद घराचं कुलूप काढून देवापुढं दिवा लावायची आणि दुपारच्या आत निघून जायची. त्या वर्षी ती आली तेव्हा आमच्या आळीतली काशाबाई, जी तोंडानं सगळ्यांत तिखट, बांगड्यांच्या दुकानापुढं मोठ्यानं म्हणाली, "आली गं पाण्यावर दिलेली. आता तर छापून आलंय." नंदा बांगड्या न भरताच गेली. हे मला माझ्या बायकोनं सांगितलं. सांगून तिनं विचारलं, "तुम्हाला काही माहीत आहे का यातलं?"

मी तिला सांगितलं. लग्नाला चोवीस वर्षं झाल्यावर. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मला सांगून काय होणार? सखानाना आहेत अजून."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खालच्या गावाला गेलो. तीन किलोमीटरचा रस्ता. दार वैष्णवीनं उघडलं, आत वळून म्हणाली, "आजोबा, योगायोगवाले सर आलेत."

सखानाना पडवीत खाटेवर बसले होते. आता पंचाहत्तरी पार केलेले, कानाला कमी. मला बघून म्हणाले, "ये मास्तर. हिनं तुझी समदी पुस्तकं वाचून दावली मला. ब्येस लिवलंयस. पन एका जागी लई चुकलंय."

मी खाटेच्या कडेला टेकलो.

"मराखास दार उघडतो ना, तवा खालचा ढापा आधी काढतो. कोन काढंल? खाली पान्याचा दाब असतो. ढापा वढायचा आकडा तुटंल न्हाईतर मानसाचा हात. वरनं सुरू करायचं असतं. तुला शिकवलं व्हतं की."

"नाना, मराखास म्हणजे..."

"ठावं हाय. नाव उलटं केलंस, पन पाय तसाच ठिवलास. पयल्याच पानावर वळाखला मी त्याला."

"राग नाही आला?"

"आला की! दोन दिस जेवलो न्हाई. मग हिला म्हनलं, वाच पुढं. फुडं काय हुतं ते कळाया नको?"

मी विचारलं, त्या दिवशी पारावर माझं नाव का नाही घेतलं? ते खाटेवर सरकून बसले. "तुझ्या बानं उरलेल्या वह्या चुलीत घातल्या असत्या. अन् राणी घाटात अडकलेली व्हती. मला वाटलं, चार दिस बोलतील लोकं, मग इसरतील. तेवढं चुकलं माझं."

मी त्यांच्या पायांवर हात ठेवला. त्यांनी तो काढून बाजूला केला आणि म्हणाले, "चा घे."

चहा नंदानं आणला. कप माझ्यापुढं ठेवला आणि पदराला हात पुसत उभी राहिली. "नानांचं झालं, दादा. त्यांनी तुम्हाला कवाच सोडलंय. माझं काय?"

मी कप उचलला नाही.

"लग्नाआधी मी नवऱ्याचं तोंड बघितलं नव्हतं, अन् म्हणे माझ्यापायी बंधारा फोडला. सासूनं दहा वर्षं ऐकवलं, 'तुझ्या बापानं गाव बुडवून तुला दिली.' माहेर तर नावालाच. आता पोरींची लग्नं निघतील, तवा बी हेच निघंल. पुस्तक दाखवतील."

"मी काय करू, सांग."

"मी सांगू? लेखक तुमी."

घरी येताना वाटभर मला शेवटच्या भागाचा शेवट सुचत होता. मराखास निर्दोष ठरतो, खरा गुन्हेगार राजाचा लाडका कवी निघतो, सगळं राज्य त्याची क्षमा मागतं. फार सुंदर जमलं होतं. घर आल्यावर लक्षात आलं की मी परत तेच करतोय. बंधाऱ्यावरचं उचलून सातजळात नेऊन टाकतोय.

पाऊस उघडला की आमच्याकडं ढापे टाकायचा एक दिवस ठरतो. गाव बंधाऱ्यावर जमतं, नारळ फुटतो, मग लोखंड गाळ्यांत उतरतं. गेल्या वर्षी त्या दिवशी मी सरपंचांना म्हणालो, नारळाआधी मला दोन मिनिटं द्या. त्यांना वाटलं, नवीन पुस्तकाची घोषणा असेल. त्यांनी सगळ्यांना गप्प केलं.

शाळेत कधी चढला नाही एवढा आवाज मी लावला. "बंधारा फुटला त्या दिवशी इथं सखानाना नव्हते. त्यांनी राखणीला मला बसवलं होतं. मी लिहीत बसलो, पाण्याकडं बघितलं नाही. नाना माझ्यासाठी खोटं बोलले. आणि मी त्यांना पुस्तकात फितूर केलं."

गर्दी बाजूला झाली. ज्यांची रोपं तेव्हा वाहून गेली होती ते बापू पुढं आले. आता काठी टेकत चालतात.

"मास्तर, अकरा पुस्तकं लिवायला वेळ गावला. हे एवढं सांगाया न्हाई गावला?"

मी म्हणालो, "नाही बापू. भीती वाटली."

"तुझ्या बाची?"

"आधी त्यांची. मग सगळ्यांचीच."

मागून बबन म्हणाला, "म्हंजी राव, उलटं नाव तुमचंच पायजे व्हतं!" दोघं-चौघं हसले. बाकीचे हसले नाहीत. काशाबाई माझ्याकडं न बघता पाटीत माती भरत राहिली. सरपंचांनी घसा खाकरून विचारलं, "आता नारळ फोडायचा का?" नारळ फुटला. त्यानंतर कित्येक दिवस काही माणसांनी मला रामराम घातला नाही, आणि ते बरोबर होतं. वडील असते तर काय म्हणाले असते, ते मला कळायला मार्ग नाही.

जुन्नरकडच्या त्या पाहुण्यांनाही मी तेव्हाच फोन केला. म्हणालो, तीरुमाचा अर्थ तसा नाही, ते मारुती उलटं आहे. तिचे वडील इतके हसले की फोन पत्नीकडं द्यावा लागला. "बरोबरच हाय सर! पोरगी सदा झाडावर असते."

वैष्णवी त्या दिवशी बंधाऱ्यावर आली होती, मागं उभी राहून तिनं माझं बोलणं मोबाइलवर घेतलं होतं. ते नंदानं तीनदा ऐकलं म्हणे. सखानानांनी एकदाच ऐकलं आणि विचारलं, यंदा ढापे किती टाकले. आठवड्यानं नंदाचा फोन आला.

"दादा, बोललात ते बरं झालं. एकच सांगते. आता ते पुस्तकात घालू नका."

"का गं?"

"तुमी कायतरी गोड कराल. रडाया लावाल लोकांना. आमच्या नानांना तुमच्या राज्यात माफी नको. हितं मिळाली तेवढी बास."

या धंद्यात मला अनेकांनी सल्ले दिले, हा सगळ्यांत मोलाचा. शेवटचा, बारावा भाग मी या उन्हाळ्यात पूर्ण केला, तो अजून छापायचा आहे. मराखास त्यात नाही. वाचक रागावतील, पत्रं येतील, त्या आजोबांचं तर नक्कीच. पहिल्या पुस्तकाची नवी आवृत्ती निघते आहे. तिच्यात मी दोन बदल केले. राखणदाराचं नाव आणि त्याचा पाय बदलला, आणि ढापे वरून काढायला लावले. प्रकाशक म्हणाले, लोकप्रिय नाव का घालवता? मी कारण सांगितलं. ते म्हणाले, घालवा. हा लेख छापायच्या आधी मी नाना, नंदा आणि वैष्णवी, तिघांनाही वाचून दाखवला आहे. सखानानांनी मध्ये एकदाच हात वर केला. त्या दिवशी सुपारीला जाताना त्यांनी धुवट धोतर नेसलं होतं आणि पळताना ते चिखलानं भरलं, हे राहिलंय म्हणाले. ते इथं लिहिलं.

या चैत्रात जत्रेला नंदा आली. आमच्या आळीतून गेली, घराचं कुलूप काढलं, दिवा लावला. दुपार झाली तरी ती निघाली नाही. वैष्णवीनं अंगण झाडलं, चूल पेटली. तिसऱ्या प्रहरी नंदा बांगड्यांच्या दुकानापुढं बसलेली मी लांबून पाहिली. काशाबाईही तिथंच होती. मी पुढं जावं की नाही या विचारात उभा राहिलो.

काशाबाई बराच वेळ बांगड्या उलटसुलट करत राहिली. मग तिनं जत्रेत कुणालाही विचारावं तसं विचारलं, "काय गं नंदे, सासरी पानी हाय का यंदा?"

नंदानं हात बांगडीवाल्यापुढं धरला होता, तो तसाच ठेवून ती म्हणाली, "हाय की काकू. तुमचंच येतंय की वरनं!"

आधी बांगडीवाला हसला. मग काशाबाई हसली, तोंडावर पदर घेऊन, पोट धरून.